झाडीपट्टी रंगभूमीवरील चरित्रनट

झाडीपट्टी रंगभूमीवरील चरित्रनट : महाराष्ट्राच्या पूर्व सीमेवरील चंद्रपूर व गडचिरोली या अरण्यप्रधान जिल्ह्यांत, तसेच लगतच्या भंडारा व गोंदिया जिल्ह्यांत, हंगामी स्वरूपात चालणाऱ्या नाट्यपरंपरेतील दुय्यम परंतु कथानकास आधारभूत अशा भूमिका करणारा नट. नायक, नायिका व गायक नट यांना सोडून विनोदी नोकर, व्यसनी मित्र, लोभी सावकार, भोळा शेतकरी, कपटी कारभारी, वृद्ध पिता, मांत्रिक इ. व्यक्तिरेखा त्याच्याकडे येतात. नागर रंगभूमीवर अशा नटाचे नाव जाहिरातीत बहुधा नायकाच्या खाली येते. झाडीपट्टीत मात्र प्रयोगाचे यश पुष्कळदा त्याच्यावरच अवलंबून असते व त्याचे नाव ऐकून प्रेक्षक दूरच्या गावांहून येतात. या परंपरेतील परशुराम खुणे यांना २०२३ मध्ये भारत सरकारने पद्मश्री हा सन्मान दिला. त्यामुळे एरवी केवळ प्रेक्षकांच्या स्मरणात राहणाऱ्या या नटवर्गाच्या कार्याची राष्ट्रीय पातळीवर प्रथमच ठळक नोंद झाली.

प्रदेश व हंगाम : वैनगंगेच्या खोऱ्यातील दाट वनांमुळे या भूभागास ‘झाडी’ किंवा ‘झाडीपट्टी’ हे नाव पडले. साग व बांबू यांची वने, गावोगावचे तलाव आणि भाताची शेती ही त्याची वैशिष्ट्ये होत. पूर्वीच्या चांदा जिल्ह्यास १९६४ मध्ये चंद्रपूर हे नाव मिळाले. त्याच्या पूर्वेकडील भागाचा स्वतंत्र गडचिरोली जिल्हा २६ ऑगस्ट १९८२ रोजी अस्तित्वात आला. १९९९ मध्ये भंडारा जिल्ह्यातून गोंदिया जिल्हा वेगळा करण्यात आला. जिल्ह्यांच्या सीमा अशा बदलत गेल्या, तरी बोली, पीकपद्धती व नाटकाची आवड या बाबतींत हा प्रदेश एकजिनसी राहिला.

येथील नाट्यहंगाम धानाच्या पिकाशी जोडलेला आहे. दिवाळीच्या सुमारास धान कापणीस येते, पुढे मळणी होते व शेतकऱ्याच्या हाती चार पैसे खुळखुळू लागतात. मोकळी झालेली बांधी, म्हणजे बांधांनी वेढलेले धानाचे शेत, मांडवासाठी उपलब्ध होते. भाऊबिजेपासून मंडईच्या जत्रा व पुढे बैलांच्या शर्यतींचे शंकरपट भरू लागतात आणि त्यांच्या जोडीने नाटकांना प्रारंभ होतो. हे चक्र होळीच्या आसपास संपते. या काळात घरोघरी पाहुणे येतात, लेकी माहेरी येतात व सोयरिकी जुळविण्याच्या गोष्टीही निघतात. नाटक हा येथे गावाचा वार्षिक उत्सव असतो. म्हणून रंगभूमीवरील पात्रांकडून रंजनासोबतच ओळखीची अपेक्षा केली जाते. घरच्या ओसरीवरचा, बाजारातला वा पाटलाच्या वाड्यावरचा माणूस रंगमंचावर दिसावा, असे प्रेक्षकास वाटते. चरित्रनटाचे महत्त्व या अपेक्षेतून उद्‌भवते.

पूर्वपीठिका : बांधीव रंगमंच येण्यापूर्वी या प्रदेशात दंडार व खडी गंमत हे लोकनाट्यप्रकार रूढ होते. दंडारीत गीत, नृत्य व संवाद यांचा मिलाफ असतो. खडी गंमत ढोलकीच्या साथीवर उभ्याने सादर होते व तमाशाशी तिचे जवळचे नाते आहे. दोन्ही प्रकारांत स्त्रीपात्रे पुरुषच करीत असत. दोन्हींत एक हजरजबाबी हास्यपात्र असे. ते गंभीर प्रसंगात शिरून त्याची दिशा बदली, गावच्या कारभाऱ्यांची थट्टा करी, प्रेक्षकांशी थेट बोले व पुन्हा कथानकात परते. लिखित संहिता नसल्याने त्याची भाषणे उत्स्फूर्त असत. या परंपरांचे व झाडी बोलीचे पद्धतशीर संशोधन हरिश्चंद्र बोरकर यांनी केले असून दंडारीच्या स्वरूपाची माहिती त्यांच्या अभ्यासामुळे ग्रंथनिविष्ट झाली.

मराठी संगीत नाटकाचा प्रसार महाराष्ट्राच्या पश्चिम भागात एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस झाला. अण्णासाहेब किर्लोस्कर यांचे सौभद्र (१८८२), गो. ब. देवल यांचे शारदा (१८९९), कृ. प्र. खाडिलकर यांचे मानापमान (१९११) व राम गणेश गडकरी यांचे एकच प्याला (१९१९) ही नाटके या प्रसाराचे टप्पे होत. गडकऱ्यांचे निधन २३ जानेवारी १९१९ रोजी नागपूर जिल्ह्यातील सावनेर येथे झाले. एकच प्यालाचा पहिला प्रयोग त्यानंतर, त्याच वर्षी गंधर्व नाटक मंडळीने केला. विदर्भाशी अशा रीतीने संबंध आलेले हे नाटक पुढे झाडीपट्टीतील गावोगावच्या हौशी मंडळींनी आपलेसे केले.

या नाटकांतील दुय्यम व्यक्तिरेखा झाडीपट्टीच्या दृष्टीने विशेष महत्त्वाच्या ठरल्या. शारदामधील भद्रेश्वर दीक्षित, मानापमानातील लक्ष्मीधर व एकच प्यालामधील तळीराम ही पात्रे नाटककारांनी रेखीवपणे लिहिलेली आहेत. परंतु दंडारीतील हास्यपात्राची सवय असलेल्या प्रेक्षकाने त्यांच्यात आपला जुना परिचित पाहिला. नायकाची पदे व नायिकेचा करुणरस हे नवे होते. तळीराम मात्र त्याला नवा वाटला नाही. लोकनाट्यातील उत्स्फूर्त विदूषक व लिखित नाटकातील चरित्रभूमिका या दोहोंचा संगम ज्या नटाच्या अंगी झाला, तो झाडीपट्टीचा चरित्रनट होय. संहितेशी एकनिष्ठ राहून तिच्या मर्यादेत गावचा प्रसंग, गावची बोली व त्या रात्रीची गंमत आणणे ही त्याची कला होय.

रंगमंच व अभिनय : झाडीपट्टीतील नाट्यगृह हंगामापुरते उभे राहते. शेतातील माती खणून व भर टाकून उंच रंगमंच आणि त्यापुढे प्रेक्षकांसाठी उतरती जागा करण्याची पद्धत होती. बांबू, कापड व रंगविलेले पडदे यांनी त्यास आकार येई. वादकांची जागा रंगमंच व प्रेक्षक यांच्या मधोमध असते. ऑर्गन किंवा हार्मोनियम, तबला व ढोलकी यांचा ताफा तेथून नटांच्या हालचालींस साथ देतो. विजेच्या सोयीनंतर रंगमंचाच्या वर ध्वनिक्षेपक टांगले जाऊ लागले व नटांनी त्यांच्या खाली येऊन भाषणे म्हणण्याची रीत पडली. प्रयोग रात्री उशिरा सुरू होऊन बहुधा पहाटेपर्यंत चालतो. कडाक्याच्या थंडीत घोंगड्या पांघरून हजारोंचा समुदाय जमिनीवर बसलेला असतो.

या परिस्थितीने अभिनयाची शैली ठरविली. मागच्या रांगेतील प्रेक्षकास चेहऱ्यावरील सूक्ष्म भाव दिसत नाहीत. म्हणून चालण्याची ढब, आवाजाचा चढउतार, वेशभूषा आणि वाक्य टाकण्याची वेळ यांतून व्यक्तिरेखा उभी करावी लागते. हास्याचा कल्लोळ उसळला म्हणजे तो ओसरेपर्यंत थांबणे व पुढचे वाक्य नेमक्या क्षणी उच्चारणे हे कौशल्य अनुभवानेच येते. मध्यरात्रीनंतर प्रेक्षकांच्या डोळ्यांवर झोप येऊ लागते. त्या वेळी समुदायास जागे ठेवण्याची जबाबदारी चरित्रनटावर येते. नाटकमंडळींत यामुळे उत्तम विनोदी नटाची मागणी नायकाइतकी, कित्येकदा त्याहून अधिक असते.

भाषेच्या बाबतीतही त्याचे स्थान वेगळे आहे. नायक-नायिकांचे संवाद सामान्यतः प्रमाण मराठीत असतात. चरित्रनट झाडी बोलीचा मोकळेपणाने वापर करतो. या बोलीत ‘ण’ऐवजी ‘न’, ‘श’ऐवजी ‘स’ व ‘ळ’ऐवजी ‘र’ असे उच्चार आढळतात. शाळेत व कचेरीत जी बोली अशुद्ध मानली जाई, ती रंगमंचावर हजारोंच्या समुदायापुढे मानाने बोलली जाते, ही गोष्ट प्रेक्षकांच्या दृष्टीने लहान नाही. हसू येते ते बोलीला नव्हे, तर त्या बोलीत बोलणाऱ्या पात्राच्या चातुर्याला. हा भेद सांभाळणे ही चरित्रनटाची कसोटी होय. ज्याला तो सांभाळता आला नाही, त्याचा विनोद आपल्याच माणसांची टवाळी ठरला.

व्यवसायाचे स्वरूप : प्रारंभी गावातील तरुणच नाटके बसवीत. पुढे वडसा (देसाईगंज) हे व्यावसायिक नाटकमंडळ्यांचे केंद्र बनले. गोंदिया–बल्लारशाह लोहमार्गावरील स्थानक, बाजारपेठ आणि चारही बाजूंच्या गावांशी असलेले दळणवळण यांमुळे हे स्थान सोयीचे ठरले. हंगामापूर्वी मंडळ्या येथे आपली कार्यालये थाटतात. गावचे मंडळ येऊन नाटक, तारीख व नटसंच ठरविते, ठराविक रकमेचा करार करते आणि तिकिटे लावून खर्च भागविते. नफा झाल्यास तो पुष्कळदा गावच्या सार्वजनिक कामासाठी वापरला जातो. तोटा झाल्यास मंडळाचे सभासद तो सोसतात. एखाद्या गावात एकाच रात्री एकाहून अधिक मंडपांत नाटके लागल्याचीही उदाहरणे आहेत. अशा वेळी कोणता मंडप भरेल, हे नटांच्या नावांवर ठरते.

नटाचा मोबदला रात्रीच्या हिशेबाने ठरतो. हंगाम संपला की मिळकत थांबते. त्यामुळे बहुतेक कलावंत शेती, मजुरी, शिक्षकी किंवा लहानसहान धंदा करणारे असतात. आषाढ-श्रावणात चिखलात धानाची रोवणी करणारा माणूस मार्गशीर्षात रंगमंचावर सावकार किंवा कारभारी होऊन उभा राहतो. या दुहेरी जीवनाने त्याच्या अभिनयास खरेपणा दिला, पण सुरक्षितता दिली नाही. रात्री प्रयोग, पहाटे प्रवास, दिवसा अर्धवट झोप व पुन्हा संध्याकाळी नव्या गावी रंगभूषा असा चार महिन्यांचा क्रम असतो. पूर्वी हा प्रवास बैलगाडीने व जंगलवाटांनी होई. १९८० नंतर गडचिरोलीच्या वनप्रदेशात माओवादी चळवळीचा शिरकाव झाला आणि रात्रीच्या प्रवासात नव्या भयाची भर पडली. तथापि नाटकांची परंपरा खंडित झाली नाही.

परशुराम खुणे : या नटपरंपरेचे सर्वांत ज्ञात उदाहरण म्हणजे परशुराम कोमाजी खुणे. ते गडचिरोली जिल्ह्याच्या कुरखेडा तालुक्यातील गुरनोली येथील रहिवासी असून त्यांची कारकीर्द सुमारे पाच दशकांची आहे. पद्म सन्मानाच्या वेळी प्रसिद्ध झालेल्या माहितीनुसार त्यांनी पाच हजारांहून अधिक नाट्यप्रयोगांतून आठशेच्या वर वेगवेगळ्या भूमिका केल्या. एकच प्यालामधील तळीराम आणि आचार्य प्र. के. अत्रे यांच्या लग्नाची बेडी (१९३६) या नाटकातील गोकर्ण या त्यांच्या गाजलेल्या भूमिकांपैकी होत. विनोदाच्या सहजतेमुळे त्यांची तुलना दादा कोंडके यांच्याशी केली जाते. व्यसनमुक्ती व अंधश्रद्धानिर्मूलन यांसारख्या विषयांवर रंगभूमीद्वारा केलेले प्रबोधन, तसेच नक्षलग्रस्त भागातील तरुणांच्या पुनर्वसनातील सहभाग यांसाठीही त्यांचा गौरव झाला. राष्ट्रपती द्रौपदी मुर्मू यांच्या हस्ते त्यांना पद्मश्री प्रदान करण्यात आली.

वरील संख्यांचा अर्थ हंगामाच्या संदर्भात पाहणे उद्‌बोधक आहे. पाच हजार प्रयोग पन्नास वर्षांवर विभागल्यास वर्षाला सरासरी शंभर प्रयोग येतात. दिवाळी ते होळी हा काळ सुमारे चार महिन्यांचा, म्हणजे एकशेवीस रात्रींच्या आसपास असतो. याचा अर्थ असा, की हंगामातील बहुतेक प्रत्येक रात्र या नटाने रंगमंचावर काढली आणि हे पन्नास वर्षे चालले. आठशे भूमिकांचा हिशेब केल्यास दरवर्षी सरासरी सोळा नवी पात्रे त्याने आत्मसात केली. नागर रंगभूमीवर एकाच लोकप्रिय नाटकाचे सलग शेकडो प्रयोग करून नट नाव मिळवितो. झाडीपट्टीत गाव दरवर्षी नवे नाटक मागते. त्यामुळे नटाचे मोठेपण एका भूमिकेच्या पुनरावृत्तीत न राहता पाठांतर, निरीक्षण व भूमिकांचे वैविध्य यांत दिसते.

तळीरामाच्या भूमिकेचा विचार या दृष्टीने करण्याजोगा आहे. सुधाकरास दारूच्या मार्गावर नेणारा व स्वतःही त्याच मार्गाने नष्ट होणारा तळीराम नाटकात हास्य निर्माण करतो आणि नाशाचे कारणही होतो. मद्याचे दुष्परिणाम हा झाडीपट्टीतील खेड्यांच्या रोजच्या अनुभवाचा विषय आहे. गडचिरोली जिल्ह्यात दारूबंदीसाठी मोठे लोकआंदोलन झाले व १९९३ पासून तेथे दारूबंदी लागू झाली. अशा प्रदेशात तळीराम केवळ हसवून गेला तर नाटक फसते. त्याने आधी हसवून मग प्रेक्षकास अंतर्मुख करावे लागते. प्रबोधनाचे कार्य चरित्रनटाकडे येते ते याच कारणाने. नायकाचा उपदेश प्रेक्षक ऐकून सोडून देतो, पण आपण ज्याला हसलो त्याचा शेवट तो विसरत नाही.

तुलना : दुय्यम पात्रांभोवती नाटक फिरविण्याची परंपरा अन्यत्रही आढळते. इटलीतील ‘कोमेदिया देल्लार्ते’ या सोळाव्या ते अठराव्या शतकांतील नाट्यप्रकारात व्हेनिसचा वृद्ध व्यापारी पांतालोने, बोलोन्याचा पढतमूर्ख दोत्तोरे आणि चलाख नोकर आर्लेक्कीनो ही पात्रे ठराविक असत. प्रत्येक पात्र आपापल्या प्रांताची बोली बोले व संवाद बव्हंशी उत्स्फूर्त असत. एकच नट जन्मभर एकच पात्र करी. कार्लो गोल्दोनी (१७०७–९३) याने आंतोन्यो साक्को या नामांकित नटाच्या विनंतीवरून दोन धन्यांच्या एका नोकरावर रचलेले नाटक प्रसिद्ध आहे. उत्स्फूर्त विनोदाला लिखित संहितेत बसविण्याची जी प्रक्रिया तेथे घडली, तिच्याशी झाडीपट्टीतील स्थित्यंतराचे साम्य आहे. भेद असा, की इटालियन नट एका मुखवट्यात आयुष्य घालवी, तर झाडीपट्टीच्या नटास शेकडो व्यक्तिरेखा कराव्या लागल्या.

दुसरी तुलना चित्रपटाशी करता येते. निळू फुले (१९३०–२००९) यांनी लोकनाट्यातून प्रारंभ करून मराठी चित्रपटांत चरित्रनट व खलनायक म्हणून अढळ स्थान मिळविले. दादा कोंडके हेही वसंत सबनीस यांच्या विच्छा माझी पुरी करा (१९६५) या लोकनाट्यातून पुढे चित्रपटसृष्टीत गेले. त्यांचा अभिनय चित्रफितींत सुरक्षित आहे व पुढील पिढ्यांना तो पाहता येतो. युरोपातील चरित्रनटांच्या दीर्घ कारकिर्दीही मुख्यतः चित्रपटांमुळे अभ्यासकांस उपलब्ध झाल्या. झाडीपट्टीचा नट मात्र जी रात्र गाजवितो, ती पहाटे संपते. बांधीतला मंडप उतरविला जातो, पुढे तेथे नांगर फिरतो आणि भूमिकेची खूण उरत नाही.

स्थित्यंतरे : विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात या रंगभूमीचे रूप पुष्कळ बदलले. स्त्रीभूमिका स्त्रियाच करू लागल्या. जुन्या संगीत नाटकांची जागा स्थानिक लेखकांच्या सामाजिक व कौटुंबिक नाटकांनी घेतली. सिंदेवाही तालुक्यातील नवरगावचे सदानंद बोरकर यांच्यासारख्या लेखक-दिग्दर्शकांनी शेतकऱ्यांच्या आत्महत्या, स्त्रियांचे दुःख इ. प्रश्न रंगमंचावर आणले. दूरचित्रवाणीच्या प्रसाराने ही रंगभूमी संपेल, असे भाकीत केले जात होते. ते खरे ठरले नाही. उलट चित्रपट व मालिकांतील कलावंतांना झाडीपट्टीत निमंत्रण देण्याची प्रथा पडली. २०२० मधील कोरोनाच्या साथीने मात्र हंगाम बुडाला व रात्रीच्या मिळकतीवर विसंबलेल्या कलावंतांची स्थिती किती अस्थिर आहे, हे प्रकर्षाने दिसून आले.

नव्या नाटकांत चरित्रनटाच्या भूमिकेचा संकोच होण्याचा धोकाही दिसतो. गाण्या-नाचांचे प्रमाण वाढल्याने विनोदी प्रवेश कथानकापासून तुटतात व केवळ हशा पिकविण्यासाठी योजले जातात. तळीराम किंवा गोकर्ण यांसारखे पात्र काढून टाकले तर नाटक कोसळते. तुटक विनोदी प्रवेश काढला तर काहीच बिघडत नाही. जुन्या चरित्रनटांची तयारी पहिल्या प्रकारच्या भूमिकांवर झाली होती आणि त्यांच्या दीर्घ कारकिर्दीचे रहस्य त्यातच आहे.

मूल्यमापन : झाडीपट्टीच्या चरित्रनटाने लोकनाट्य व लिखित नाटक यांच्यातील दुवा टिकविला, झाडी बोलीस रंगमंचावर प्रतिष्ठा दिली आणि मोठी नाट्यगृहे नसलेल्या प्रदेशात नाटक पाहण्याची सवय पिढ्यान्‌पिढ्या जिवंत ठेवली. त्याच्या इतिहासाची साधने मात्र तुटपुंजी आहेत. जाहिरातींची हस्तपत्रके, हाताने उतरविलेल्या संहिता, गावमंडळांचे हिशेब व वृद्ध प्रेक्षकांच्या आठवणी हीच ती होत. अलीकडे काही प्रयोगांचे चित्रण होऊ लागले आहे, पण ज्या काळात ही नटपरंपरा घडली त्या काळातील प्रयोग कायमचे गेले आहेत. एका नटास मिळालेल्या राष्ट्रीय सन्मानाने या परंपरेकडे लक्ष वेधले. त्याच्याबरोबर पहाटेपर्यंत रंगमंचावर उभ्या राहिलेल्या शेकडो सहकाऱ्यांची नावे जमा करणे हे काम, जाणते प्रेक्षक व कलावंत हयात आहेत तोवरच होण्यासारखे आहे.